साडेतीन माणसं

गणिताच्या पुस्तकातली माणसं पाणी प्यायला थांबत नाहीत. सहा माणसं एक काम चौदा दिवसांत करतात म्हटलं, की करतातच. त्यांच्यातल्या कुणाला ताप येत नाही, कुणाची चप्पल तुटत नाही, कुणी कुणावर रुसून बांधावर जाऊन बसत नाही. ढगीला ती माणसं फार आवडायची. सर फळ्यावर उदाहरण लिहायचे तेव्हा बाकीच्या मुली आकडे उतरवून घ्यायच्या आणि ढगी खिडकीबाहेर बघत त्या सहाजणांना चेहरे द्यायची. एकाला मिशा, एकीच्या खांद्यावर फावडं, एकाला गुणगुणायची खोड. तास संपेपर्यंत त्यांचं काम निम्म्यावर आलेलं असायचं आणि ढगीची वही कोरी असायची.

डोकं कायम ढगात म्हणून दादानं तिला ढगी म्हणायला सुरुवात केली, आणि चौदाव्या वर्षापर्यंत तिचं खरं नाव शाळेच्या हजेरीपुरतंच उरलं. पण व्यस्त चलनाच्या उदाहरणात ही पोर कधी चुकायची नाही. माणसं वाढली की दिवस घटतात, माणसं घटली की दिवस वाढतात, आणि दोघांचा गुणाकार काही जागचा हलत नाही, असं सर पुन्हा पुन्हा सांगत. इतर मुलींना ते घोकावं लागे. ढगीला नाही, कारण तिचं घर त्याच्यावरच चालत होतं.

ते घर चारी उपसणाऱ्यांचं होतं. मोठ्या कालव्यातून शेतांकडे जाणाऱ्या चारीत वर्षभरात मांडीइतका गाळ साचायचा. पाणी सुटायच्या आधी तो उपसून काठावर टाकायचा, हे काम आजोबांपासून याच घराकडे होतं. लांबी आठशे चाळीस काठ्या. मोजायची काठी घरचीच, दोन हात लांब, हाताळून हाताळून गुळगुळीत झालेली. आणि काम करायची रीतही घरचीच. आजूबाजूचे लोक खुंट्या मारून हा तुझा तुकडा, हा माझा तुकडा असं वाटून घेत. या घरात खुंट्या नव्हत्या. सगळे एका ओळीत उतरायचे, ज्याचं आधी आटपलं तो शेजारच्याच्या गाळाला हात लावायचा, आणि संध्याकाळी पहिल्या टोकापासून शेवटच्या टोकापर्यंत एकदाच काठी फिरायची. कुणी किती केलं हे कुणीच विचारायचं नाही. आजोबांनी तसं बजावून ठेवलं होतं. गाळ मोजा, माणूस मोजू नका.

गेल्या वर्षी सहाजण होते. अण्णा, आई, दादा, वहिनी, काका, काकू. चौदा दिवसांत चारी लख्ख झाली होती. यंदा काका-काकू पिठाची गिरणी चालवायला काकूच्या माहेरी गेले, उरले चौघे. चोविसाव्या दिवशी सकाळी पाणी सुटणार, असा निरोप कालव्याच्या मुकादमानं पाठवला होता. निरोपाला शेपूट होतं. पाण्याच्या आधी गाळ निघाला नाही, तर पुढच्या वर्षापासून काम यंत्राला.

पहिल्या दिवशी सकाळी अण्णा चारीच्या तोंडाशी उभे राहिले आणि म्हणाले, "सांगा, मास्तरीणबाई."

ढगीनं बोटांनी हवेत लिहिलं. सहा चोक चोवीस, सहा दाहे साठ, चौऱ्याऐंशी. भागिले चार.

"एकवीस दिवस. दोन दिवस हाताशी राहतात."

अण्णा खूश झाले. एवढं शिक्षण वाया गेलं नाही म्हणाले, आणि चारीत उतरले.

ढगीला सकाळची शाळा. दुपारी ती डबे आणि पाण्याची कळशी घेऊन यायची, मग घमेली वर ओढायची आणि संध्याकाळी काठी फिरवायची. गणतीत ती नव्हतीच. ती गेल्या वर्षीही एवढंच करत होती, त्यामुळे तिला धरायचं कुणाला सुचलं नाही. तिचीही तक्रार नव्हती. दुपारची चारी तिला फार आवडायची. खाली उतरलं की बाहेरचं जग दिसेनासं व्हायचं. दोन्हीकडे ओल्या मातीच्या भिंती, वर आभाळाची एक पट्टी. गाळाचा थंडगार वास यायचा. फावड्यांचा आवाज जाडसर, झोप आणणारा. चतुर येऊन घमेल्याच्या काठावर बसायचे. अशा वेळी पुस्तकातले ते सहाजण तिला चारीच्या वळणावरून येताना दिसायचे, कोरडे, न घामेजलेले, एका तालात. ते अण्णांच्या शेजारून उपसत जायचे आणि अण्णांना पत्ताही नसायचा. मग वरून आई ओरडायची, घमेलं भरून सांडतंय इकडे, आणि ढगी धडपडत उठायची.

पहिल्या दिवशी काठी पस्तिसावर थांबली. दुसऱ्या दिवशीही पस्तीस. तिसऱ्या दिवशी ढगीला वाटलं, आपणच तंद्रीत चुकलो, म्हणून तिनं परत जाऊन सुरुवातीपासून मोजलं. पस्तीसच. चौथ्या दिवसाअखेर एकशे चाळीस झाल्या, व्हायला हव्या होत्या एकशे साठ.

त्या संध्याकाळी सगळे काठावर बसून पायाचा गाळ खरवडत होते तेव्हा तिनं हे सांगितलं. रोज पस्तीस, तर आठशे चाळिसाला चोवीस दिवस. काम संपायचं त्या दिवशी चारीतून पाणी वाहत असेल.

"माणसं चारच आहेत ना?" अण्णा म्हणाले.

ढगीनं तेही करून बघितलं होतं. चौऱ्याऐंशी भागिले चोवीस.

"चार नाहीत," ती म्हणाली. "साडेतीन येतात."

वहिनीला हसू आलं, पण ते ओठातच राहिलं. कारण अण्णांची नजर दादाकडे गेली होती. मग आईची. मग स्वतःपासूनच चोरल्यासारखी वहिनीचीही. हिवाळ्यात दादा लाकडं उतरवताना ट्रकच्या फळीवरून पाठीवर पडला होता. महिनाभर अंथरुणात होता. आता वाकताना तो आधी एक हात गुडघ्यावर ठेवायचा, आणि सरळ होताना त्याचा चेहरा एका बाजूला ओढला जायचा. अर्धा माणूस शोधायला कुणाला लांब जायला नको होतं.

दादानं मान खाली घालून फावड्याचं पातं पुसलं. ढगीला आपली जीभ चावावीशी वाटली. भागाकार बरोबर होता आणि तरी काहीतरी हातून सांडलं होतं.

पाचव्या दिवशी दादाला पाठ दाखवायला दवाखान्यात जायचं होतं. संध्याकाळी काठी फिरली, पंचवीस. एक दिवस गेला म्हणून अण्णा करवादले. सहाव्या दिवशी दादा आला, पुन्हा पस्तीस. सातव्या दिवशी अण्णा स्वतःच सकाळी उठून चालत बंधाऱ्यावर गेले, मुकादमाला भेटायला. कशासाठी, ते त्यांनी जाण्याआधी आईला सांगितलं आणि आईनं स्वयंपाक करता करता वहिनीला. बंधाऱ्याच्या खालच्या दरवाज्यावर पत्र्याची खोली होती. तिथं एक माणूस दिवसभर बसून पाण्याची उंची दाखवणारी पट्टी बघायचा आणि दर दोन तासांनी फोनवर आकडा सांगायचा. त्या कामावर सध्या एक धट्टाकट्टा गडी होता, बसून बसून कंटाळलेला. दादाला तिथं बसवायचं आणि तो गडी चारीवर आणायचा. मुकादम हो म्हणाला, तर दादा वर्षभर तरी तिथला होणार होता, घरापासून तीन तासांच्या वाटेवर, एकटा. वहिनीनं ऐकून घेतलं आणि कणीक मळत राहिली. लग्नाला दीड वर्ष झालं होतं.

त्या संध्याकाळी अण्णा परत यायच्या आधी ढगीनं काठी फिरवली. आज तिघंच होते. आई, दादा, वहिनी. अण्णा पुरे आणि दादा अर्धा, म्हणजे उरलेले अडीच. पंचवीस व्हायला हव्यात, असं मनात धरून ती निघाली. पंचवीस आली तरी पुढं उपसलेली चारी दिसतच होती. सव्वीस, सत्तावीस. काठी तिसावर थांबली.

ती तिथंच उकिडवी बसली. ऊन उतरलं होतं, चारीच्या भिंतीवर तिची सावली लांबच लांब पडली होती. सर्वांसह पस्तीस. दादा नाही तेव्हा पंचवीस, म्हणजे दादाचे दहा. पुरे दहा, गेल्या वर्षीच्या प्रत्येकाइतके. अण्णा नाहीत तेव्हा तीस, म्हणजे अण्णांचे पाच.

मग तिला एकेक गोष्ट दिसायला लागली, जणू गेले सात दिवस ती डोळे मिटूनच घमेली ओढत होती. अण्णा फावडं मारायचे, दोनदा, तीनदा, मग दांडा छातीला टेकवून चारीची रेघ सरळ आहे का ते बघत उभे राहायचे. सगळे म्हणायचे, अण्णांची नजर म्हणजे नजर. उजव्या हाताची बोटं ते मांडीवर चोळायचे. घमेलं उचलताना त्याच हाताखाली गुडघा लावायचे. आणि सकाळी आई त्यांच्या सदऱ्याची बटणं लावायची. ढगीला ते बघून गुदगुल्या व्हायच्या, म्हातारपणी काय हे लाड, म्हणून. ती बोटं बधिर झाली होती, आणि ते आईला ठाऊक होतं.

दादा काठावर हात धूत होता. ती त्याच्याजवळ जाऊन उभी राहिली.

"तुला माहीत आहे ना?"

"काय?"

"अर्धे अण्णा आहेत."

दादानं आधी इकडंतिकडं पाहिलं. आई आणि वहिनी पुढं निघाल्या होत्या.

"हळू बोल," तो म्हणाला. "माहीत आहे. पहिल्याच दिवशी कळलं, शेजारी मीच असतो."

"मग सांगितलं का नाहीस? तुला तिकडं पाठवतायत ते."

"मला आज अर्धा म्हटलं तर उद्या मी पुरा होईन. पाठ आहे, बरी होते. त्यांना अर्धा म्हटलं तर ते तसेच राहतील." त्यानं हात झटकले. "तू हे कुणाला सांगायचं नाहीस. तुझी शपथ नको, नुसतं हो म्हण."

ढगी हो म्हणाली. पण घरी चालताना तिच्या डोक्यात पुढचं उदाहरण सुटत गेलं, नको म्हटलं तरी सुटत गेलं. दादाच्या जागी गडी आला तर एक गेला, एक आला. अण्णा अर्धेच. म्हणजे साडेतीनच. रोज पस्तीसच. दादाही जाणार आणि चारीही जाणार. दादाला हे दिसलं नव्हतं. त्याला माणसं कळायची, भागाकार तिला कळायचा, आणि दोन्ही एकाच डोक्यात असते तर बरं झालं असतं असं तिला वाटलं. त्या दिवशी तिला जेवण गेलं नाही.

आठव्या दिवशी संध्याकाळी मुकादम स्वतः चारीवर आला. पस्तीस काठ्या नुकत्या मोजून झाल्या होत्या. बरोबर तो गडीही होता, रुंद खांद्यांचा, लाजरा, हातात टोपी धरून उभा. मुकादमानं चारीत डोकावून बघितलं आणि यंदा मागं आहात म्हणाला. आवाज गोड होता. यंत्राचा विषयही त्यानं असाच गोडीनं काढला. मग दादाकडे वळून म्हणाला, "तुमचा बसता माणूस हाच ना?"

दादा हो म्हणणार होता. त्याच्या आधी अण्णाच बोलले. त्यांना आपलं म्हणणं चार लोकांत पटवून द्यायची सवय होती, आणि पोराला उगाच बाजूला काढलं असं कुणी म्हणायला नको होतं.

"मी मनानं सांगत नाही," ते म्हणाले. "आमच्याकडे हिशेब असतो. ढगे, सांग. हा दवाखान्यात गेला त्या दिवशी किती झालं?"

सगळे तिच्याकडे बघायला लागले. दादानं मान अगदी किंचित हलवली, नाही. ढगीला कळलं, आता तीस म्हटलं की झालं. एक आकडा इकडचा तिकडं. सगळे समाधानानं मान डोलावतील, दादा गाठोडं बांधेल आणि चोविसाव्या दिवशी गाळावरून पाणी जाईल. आजवर तिनं मुद्दाम चुकीचं उत्तर कधी दिलं नव्हतं, आणि ते कसं देतात हेही तिला माहीत नव्हतं.

"पंचवीस," ती म्हणाली.

अण्णा मान डोलावायला लागले आणि मध्येच थांबले. ते शाळेत गेले नव्हते, पण काठ्यांचा हिशेब त्यांनी चाळीस वर्षं केला होता. पस्तिसातून पंचवीस गेले. त्यांनी दादाकडे पाहिलं. मग आईकडे. आई जमिनीकडे बघत होती. मग, कुणी विचारायला सांगितलं नसताना, त्यांनी आपणहून विचारलं.

"आणि मी नव्हतो तेव्हा?"

ढगीला रडू आलं. गड्यानं टोपी या हातातून त्या हातात घेतली.

"विचारतोय मी."

"तीस."

काठावरच्या गवतात वारा शिरला आणि निघून गेला. अण्णांनी उजवा हात वर घेतला आणि त्याच्याकडे बघितलं, उलटा, सुलटा, दुसऱ्या कुणाची वस्तू परत करायची राहून गेल्यासारखं. मग तो खाली सोडला.

"अण्णा, पाठीमुळे माझंच..." दादानं सुरुवात केली.

"गप्प बस," अण्णा म्हणाले. रागानं नाही. "आठ दिवस गप्प होतास, आणखी थोडा बस." आणि मुकादमाकडे वळले. "बसता माणूस मी. उद्या सकाळी येतो."

मुकादम गोंधळला. तुम्ही गेल्यावर चारीची रेघ कोण बघणार, असं काहीतरी तो बोलला. त्याचा हेतू चांगलाच असावा.

"दोरी ताणली की रेघ कुणालाही दिसते," अण्णा म्हणाले.

दुसऱ्या दिवशी पहाटे आईनं त्यांच्या सदऱ्याची बटणं लावली, सगळ्यांसमोर, आणि एकेक बटण लावायला नेहमीपेक्षा जास्त वेळ घेतला. मग म्हणाली, तिथं बिनबटणांचे सदरेच घालायचे, मी दोन बांधून दिलेत. वहिनी त्यांच्या पाया पडली आणि उठेचना. दादा गाठोडं घेऊन पोचवायला निघाला तर त्यांनी ते काढून घेतलं, डाव्या हातात. ढगी दाराआड उभी होती. ते तिच्यापाशी थांबले.

"गणित बरोबर होतं," ते म्हणाले. सरही तिला असंच म्हणायचे. सरांनी म्हटल्यावर तिनं कधी अशी मान खाली घातली नव्हती.

त्या संध्याकाळी काठी चाळिसावर थांबली. एक बोट इकडं नाही, एक बोट तिकडं नाही. गडी नवा असूनही सरळ उपसत होता. दादानं विचारलं किती, तिनं सांगितलं. वहिनीनं सुस्कारा सोडला, सुटल्याचा. मग तिला आपलीच लाज वाटली असावी, कारण ती घमेली धुवायला लगबगीनं निघून गेली. आई काठावर बसून होती.

"हे त्यांना कळू देऊ नका," ती म्हणाली. आणि पदरात तोंड घालून हुंदके द्यायला लागली. गेल्या आठ दिवसांत तिनं एकदाही डोळ्याला पदर लावला नव्हता.

रविवारी ढगी डबा घेऊन बंधाऱ्याकडे निघाली. कालव्याच्या काठानं तीन तासांची वाट. ऊन कोवळं होतं, कोरड्या कालव्याच्या तळाशी मधूनच उरलेली डबकी आभाळ घेऊन पडली होती. चालता चालता नेहमीसारखी तंद्री लागली, पण आज तिच्यात माणसं नव्हती, नुसते आकडे होते. अण्णा पहिला प्रश्न कोणता विचारणार हे तिला पक्कं माहीत होतं. चाळीस म्हटलं, तर अण्णांवाचून काही अडलं नाही असं होतं. पस्तीस म्हटलं, तर काम बुडालं म्हणून ते तिथं झुरणार. खरं उत्तर नको होतं आणि भलतं खोटंही नको होतं. ते गेले तेव्हा पाचशे पंचाहत्तर काठ्या उरल्या होत्या आणि दिवस पंधरा. अडतीस सांगितलं तर पंधरा दिवसांत पाचशे सत्तर, पाच काठ्या राहतात. एकोणचाळीस सांगितलं तर पाचशे पंच्याऐंशी, काम होतं. तिनं दोनदा करून बघितलं. कामही व्हायचं आणि अण्णांची उणीवही राहायची, असा एकच आकडा होता.

पत्र्याच्या खोलीबाहेर अण्णा बाकावर बसले होते. बिनबटणांचा सदरा त्यांना सैल होत होता. शेजारी फोन, समोर पाण्यात उभी रंगवलेली पट्टी, आणि पलीकडे एवढं निश्चल पाणी की आभाळ खाली आहे की वर हे कळू नये. घरातली माणसं दोनच दिवसांत इतकी लहान दिसायला लागतात हे ढगीला ठाऊक नव्हतं. तिनं डबा उघडून समोर ठेवला. त्यांनी डाव्या हातानं पहिला घास घेतला, तो चावत पाण्याकडे बघत राहिले.

"रोज किती होतायत?"

"एकोणचाळीस," ढगी म्हणाली.

त्यांचा घास थांबला. त्यांनी मनात गुणाकार केला. ओठ हलताना तिला दिसले. पंधरा दिवस, एकोणचाळीस. हिशेब जमला आणि चेहऱ्यावरचा ताण उतरला. मग कपाळाला पुन्हा आठी पडली.

"पण चारजणांचे चाळीस व्हायला हवेत."

"होत नाहीत. रोज एक काठी कमी पडते."

"गडी कमी पडतो?"

"नाही. गडी चांगला आहे."

"मग?"

ढगीनं त्यांच्याकडे बघितलं. डोळे भरून आले होते, ते तिनं पुसले नाहीत.

"तुम्ही नाही म्हणून," ती म्हणाली.

पाण्यावर एक पक्षी उतरला, थोडा वेळ तरंगला आणि उडाला. त्यांनी डब्यातला दुसरा घास केला आणि तो तिच्या तोंडापुढं धरला, उजव्या हातानं. अर्धा घास तिच्या मांडीवर सांडला, उरलेला तिनं खाल्ला.

"एक काठी," ते हळूच म्हणाले. "तेवढी तर पडणारच."